रोडग्यांच्या पंगतीत संत्र्याची कोशिंबीर

संत्र्यांची तोड संपली की आमच्याकडे बगीच्यातच रोडग्यांची पंगत बसते. शेवटचं क्रेट ट्रकात चढल्याशिवाय कोणी पानावर बसायचं नाही, मग दुपारचे तीन वाजोत का पाच. गोवऱ्यांच्या आरात भाजलेले कणकेचे जाडजूड रोडगे, त्यावर तुपाची धार, वांग्याची भाजी आणि वरण. तोडणाऱ्या बाया, माणसं, व्यापारी, ट्रकवाला, आजूबाजूचे बगीचेवाले, सगळे एकाच पंगतीत बसतात. आमच्या रामाकोना गावाच्या बाजूला ज्या घरची ही पंगत चांगली, त्या घराचं नाव वर्षभर निघतं. आमचं निघतं. का, तर जेवण मी करते म्हणून. खोटं कशाला बोलू?

तर मागच्या आंबिया बहाराची, म्हणजे हिवाळ्याच्या तोंडाशी निघणाऱ्या फळाची, तोड संपायला आली आणि मी उजवा हात मोडून बसले. जामसांवलीला मारुतीच्या दर्शनाला गेले होते, घाईघाईत चपला काढताना तोल गेला. मनगटापासून कोपरापर्यंत प्लास्टर. घरच्यांनी लगेच ठरवून टाकलं की यंदा सौंसरहून आचारी बोलवू. मी म्हटलं, आचारी बोलवायचा असेल तर पंगतच नका करू. घरात सून आहे, ती करेल.

सून तेव्हा घरात येऊन वर्षही झालं नव्हतं. माहेर खानदेशातलं, केळीच्या मुलखातलं. सौंसरच्या शाळेत विज्ञान शिकवते. मोजकं बोलते, पण डोक्यात काही घेतलं की सोडत नाही. आमच्या पंगतीची सगळी माहिती तिनं मला विचारून घेतली आणि मग म्हणाली, "आई, संत्र्याच्या बगीच्यात जेवण आणि ताटात संत्र्याचं काहीच कसं नाही?"

आम्ही संत्रं झाडाखाली उभ्याउभ्या खातो, फोडी तोंडात आणि बिया जमिनीवर. ते जेवणात वाढायची वस्तू आहे हे कधी कोणाच्या मनातच आलं नाही. ती म्हणाली, मी कोशिंबीर करते. संत्रं, कांद्याची पात, सांबार, म्हणजे तुमची कोथिंबीर, आणि वरून दाण्याचं कालवण. भाजलेले शेंगदाणे, तीळ, आपल्याकडचं जवस, लसूण, लाल तिखट, गूळ आणि लिंबू, सगळं पातळसर वाटून. तिच्या तोंडून ऐकतानाच माझ्या तोंडाला पाणी सुटलं. मी म्हटलं, कर.

माझी नणंद पांढुर्ण्याला दिली आहे. मोठं दुकानदार घर. पंगतीला ती दरवर्षी येते आणि दरवर्षी काहीतरी खोट काढते. तिला हे कळलं तशी ती आदल्या दिवशीच येऊन बसली. मला बाजूला घेऊन म्हणाली की वहिनी, तू त्या पोरीला तोंडघशी पाडशील. इथले लोक एकदा नाव ठेवतात ते मरेपर्यंत. आणि ते खरंच होतं. शेजारच्या बगीचेवाल्यांच्या एका सुनेच्या हातून पहिल्याच पंगतीला वरण खारट झालं होतं. त्या बाईला आता नातू झाला, तरी गावात ती खाऱ्या वरणाचीच. माझ्या सुनेला असलं काही चिकटलं असतं तर ती काही बोलली नसती, पण पुन्हा कधी पंगतीच्या कामाला हात लावला नसता. मला तेच नको होतं. माझ्यानंतर हे जेवण तिनं करायचं होतं, आणि माझ्या मनानं ते कधीच ठरवून टाकलं होतं.

तोडीच्या शेवटच्या दिवशी मी सकाळपासून बगीच्यात होते. एका हातानं काही करता येत नव्हतं, पण तोंड तर चालत होतं. कणीक कशी मळायची, गोवऱ्या कशा रचायच्या, वांगी कोणती घ्यायची, सगळं मी खाटेवर बसून सांगत होते आणि सून मान हलवत करत होती. रोडगे तिनं असे वळले की मी मनातल्या मनात तिची दृष्ट काढली. कोशिंबीर मात्र ती पहाटे घरूनच करून, मोठ्या स्टीलच्या डब्यात झाकण लावून घेऊन आली होती. मला दाखवायची नव्हती, वाढतानाच बघा म्हणाली.

ट्रक यायचा होता सकाळी, आला दुपारी. वाटेत टायर बसला म्हणे. क्रेटं चढेपर्यंत ऊन उतरणीला लागलं. सगळे भुकेले, रोडग्यांचा वास सुटलेला, आणि तेवढ्यात नणंदेनं न राहवून डब्याचं झाकण उघडलं. बोटानं एक तुकडा उचलून तोंडात टाकला आणि तिचं तोंड असं झालं की मला खाटेवरून दिसलं.

"हे लोकायले वाढशीन तू?" तिनं सुनेला विचारलं.

मी उठून गेले. डब्यात पाणी सुटलं होतं आणि त्या पाण्यात संत्र्याच्या गोल चकत्या तरंगत होत्या. चकत्या म्हणजे सुरीनं कापलेल्या. मी एक खाल्ली. कडू. असली कडू की घशापर्यंत गेली. मग माझ्या लक्षात आलं. केळीच्या मुलखातली पोर, तिला कोण सांगणार की संत्र्याला सुरी लावायची नसते? सुरी बियांतून जाते, बी चिरली की रस कडवट होतो, आणि असा रस तासन् तास ठेवला तर विचारूच नका. आमच्याकडे हे कोणी कोणाला शिकवत नाही, कारण आमच्याकडे कोणी संत्रं कापतच नाही. मीही सांगितलं नव्हतं. सांगायचं असतं हेच सुचलं नाही.

सुनेनं एक चकती चाखली आणि डब्यावर झाकण ठेवलं. तिचे डोळे भरून आले होते, पण आवाज सरळ होता. म्हणाली, आई, मी हे ओतून येते, रोडगे आणि भाजी आहेच, कोशिंबीर केलीच नव्हती असं समजू. नणंद म्हणाली, बरोबर, तेच कर. पंगतीला बसायला आलेले सगळे आमच्याकडे बघत होते. काहीतरी बिघडलंय हे त्यांना कळलंच होतं.

मला राग आला. सुनेचा नाही, नणंदेचाही नाही. राग आला तो या गोष्टीचा की एवढी चांगली कल्पना एका सुरीपायी मातीत जाणार. मी विचारलं, दाण्याचं कालवण सगळं यातच घातलंस का? नाही म्हणाली, उरलेलं वेगळ्या भांड्यात आहे, लागेल तसं वरून घालायला. पात आणि सांबारही थोडं शिल्लक होतं. मग काय पाहिजे होतं? मी तिला म्हटलं, "ओत ते. आणि ताडपत्री आण इकडे."

संत्री कुठून आणणार, तर समोरच पडली होती. व्यापाऱ्यानं बारीक म्हणून बाजूला काढलेल्या फळांचा, आम्ही ज्याला चुरी म्हणतो त्याचा, ढीग झाडाखाली होता. पातळ सालीची, अंगानं लहान, पण आंबटगोड अशी की मोठ्या फळानं मान खाली घालावी. आंबिया बहाराचं फळ तसंही थोडं आंबटच, आणि कोशिंबिरीला तेच पाहिजे. मी ताडपत्रीवर बसले आणि सुनेला जवळ बसवून सांगायला लागले. साल हातानं काढ. फोड सुटी कर. आता फोडीच्या पाठीवर नाही, आतल्या बाजूनं, जिथं बिया आहेत तिथं नखानं चीर दे आणि पापुद्रा उलटा कर. बी आख्खी पडली पाहिजे. पहिल्या दोन फोडी तिच्या हातात फुटल्या, तिसरी सुटली. मग तिचा हात असा चालायला लागला की मी बोलणं बंद केलं.

तोडणाऱ्या दोन-तीन बायाही येऊन बसल्या. नणंद थोडा वेळ कमरेवर हात ठेवून उभी राहिली. पण ती याच बगीच्यात वाढलेली, तिला चुकीची सोललेली फोड बघवत कशी असेल? एका बाईच्या हातून फोड हिसकावून घेत म्हणाली, "अशी नाई बाप्पा, रस काढून राहिली काय तू?" आणि बसलीच. माझ्या नणंदेच्या बोटांना तोड नाही, हे मी आजवर कोणाजवळ बोलले नव्हते. आता लिहून टाकते.

परातभर फोडी झाल्या तशी सुनेनं त्यात पात आणि सांबार टाकलं, चिमूटभर मीठ टाकलं. कालवण मात्र घातलं नाही. मी काही सांगायच्या आतच ती म्हणाली की हे आता पानावरच घालायचं, म्हणजे पाणी सुटणार नाही. म्हणजे पोरीला कळलं होतं. पंगत बसली. रोडगे फोडले, तूप पडलं, भाजी पडली, आणि प्रत्येकाच्या पानाच्या कडेला सून स्वतः फोडी वाढत गेली आणि त्यावर चमच्यानं दाण्याचं कालवण.

सुरुवातीला लोकांनी ते बोटानं जरा बाजूला सारलं. संत्र्यावर लसूण, असं कोणी खाल्लं नव्हतं. मग एका बाईनं रोडग्याच्या तुकड्यावर घेऊन तोंडात टाकलं आणि लगेच दुसरा तुकडा मोडला. तुपाच्या जड घासानंतर ती आंबटगोड थंड फोड आणि मागून जवसाचा खमंगपणा. मी डाव्या हातानं खात होते, अर्धं पदरावर सांडत होतं, आणि मला त्याचं काहीच वाटत नव्हतं. व्यापारी दिवसभर संत्र्यांतच असतो, त्याला संत्र्याचा वासही नको होतो असं तोच सांगायचा. त्यानं पान पुढे केलं आणि रोडगा नको, तेवढंच वाढ म्हणाला. परात पंगत उठायच्या आधीच रिकामी झाली. सुनेच्या वाट्याला फक्त खालचा रस राहिला. तो तिनं वाटीत घेऊन झाडामागे उभ्याउभ्या प्यायला. मी बघितलं.

आवराआवर झाली, भांडी गाडीत चढली. नणंद जायला निघाली तेव्हा सून पाया पडायला वाकली. तिला उठवता उठवता नणंद म्हणाली की माझ्या पोराचा साखरपुडा आहे, पांढुर्ण्याले ये आणि हेच कर, माझ्या सैपाकघरात.

मी तिथंच उभी होते. माझं लग्न होऊन इतकी वर्षं झाली, नणंदेकडे किती कार्यं झाली, पण तिनं मला कधी तिच्या चुलीजवळ बसू दिलं नाही. पाहुणी म्हणून गेले, पाहुणी म्हणून जेवून आले. सून माझ्याकडे बघायला लागली, जाऊ का म्हणून. एक क्षण मला टोचलं, हो, टोचलं. मग मी नणंदेला म्हटलं, "येईन ना ती, बाई. पण तिच्या मागं मी येईन, आणि या खेपेला मी पाहुणीसारखी बाहेर बसणार नाई."

नणंदेनं माझ्या प्लास्टरकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"ये," ती म्हणाली. "दोघीही या."