आईची साक्ष

१४ मार्च, मंगळवार. पाणी उशिरा आलं. दूधवाल्याचा खाडा. दुपारी शिवणताईबरोबर कोर्टात गेले. तिची साक्ष झाली, मग तिच्या आईची.

शिवणताई माझ्या खालच्या मजल्यावर राहते. वडील गेले तेव्हा ती शाळेत होती. दप्तर ठेवलं आणि शिवणाच्या मशीनवर बसली, ती आजतागायत. त्या मशीनवर तिने घर चालवलं, धाकट्या बहिणीला शिकवलं, तिचं लग्न लावून दिलं. स्वतःचं राहून गेलं. कुणी विचारलं तर म्हणते, "माझ्या मापाचा मिळाला नाही, आणि उसवून पुन्हा शिवायला वेळ कुणाला आहे?"

धाकटीचे कपडे कायम हीच शिवायची. लग्नानंतर धाकटी ऐन उन्हाळ्यातही लांब बाह्या मागू लागली. मग बंद गळा. "फॅशन आहे गं ताई," म्हणायची. एकदा माप घेताना टेप दंडाला जरा आवळली गेली आणि ती कळवळली, तेव्हा सगळं बाहेर आलं. "राहा इथंच," शिवणताई म्हणाली. आईनेच समजूत घालून तिला परत पाठवलं. पदरात पोर आहे, सांभाळून घे म्हणाली.

गेल्या वर्षी धाकटीने जीव दिला. आदल्या संध्याकाळी तिने आईला फोन केला होता. बोलता बोलता मागून नवऱ्याचा आवाज आला, "मर एकदाची, म्हणजे मी सुटेन." आईने हे स्वतःच्या कानांनी ऐकलं, पोलिसांनाही तसंच सांगितलं.

सरकारी वकीलबाईंनी आम्हाला आधीच सांगून ठेवलं होतं, "नुसती मारहाण सिद्ध होऊन भागणार नाही. त्यानेच तिला मरणाकडे ढकललं, हे दाखवावं लागेल. सगळी भिस्त आजींनी फोनवर जे ऐकलं त्यावर आहे."

पहिली साक्ष शिवणताईची. ती बाह्यांचं सांगू लागली, तर समोरच्या वकिलाने विचारलं, "लांब बाह्या घालणाऱ्या सगळ्याच बायका मार खातात का?" मागे कुणीतरी हसलं. शिवणताई खाली येऊन माझ्या शेजारी बसली. "हसू दे," ती पुटपुटली, "आता आई येतेय."

आई आली. खाली बघत म्हणाली, "जावई तापट आहेत, पण मनाचे चांगले. फोनवर मला तसलं काही ऐकू आलं नाही."

वकीलबाईंनी पोलिसांपुढचा जबाब वाचून दाखवला.

"असं मी नव्हतं सांगितलं," आई म्हणाली.

साक्षीदार फितूर झाल्याचं वकीलबाईंनी न्यायाधीशांना सांगितलं. नंतर जिन्यात आमच्याकडे न बघताच म्हणाल्या, "आता सुटेल तो."

बाहेर व्हरांड्यात जावयाची बहीण धाकटीच्या मुलीला घेऊन उभी होती. तिने पोरीला आजीकडे दिलं. पोरीने आजीच्या गळ्यात हात टाकले. शिवणताई तिथंच थबकली. कुणी काही सांगायची गरज उरली नाही.

घरी आल्यावर मी पाणी द्यायला खाली गेले, तेव्हा दोघी समोरासमोर बसल्या होत्या.

"कधी ठरलं हे?"

"झाले थोडे दिवस. दर रविवारी पोरीला आणतील म्हणालेत. नाहीतर तोंडही बघू दिलं नसतं."

"मला सांगायचंस तरी."

"तू ऐकलं असतंस?"

"नाही."

"मग? गेलेली काय परत येणार आहे का?" आईला रडू फुटलं. "जी आहे तिच्यासाठी केलं मी."

शिवणताईचा आवाज चढला नाही. "तो तिला मर म्हणाला, ते एवढ्या जगात तू एकटीने ऐकलं होतंस, आई. आता कुणीच ऐकलेलं नाही."

मग तिने आईच्या गोळ्या काढून ठेवल्या, तिचं ताट झाकलं, स्वतःची उशी उचलली आणि माझ्यामागून जिना चढली. वर आल्यावर म्हणाली, "काकू, काही दिवस इथं झोपले तर चालेल?"

संध्याकाळची नोंद: शिवणताई मागच्या खोलीत. तिथला दिवा गेला आहे, उद्या नवा आणणे.