आपल्यात वेळ वाजते

आबा माझ्याशी बोलायचे बंद झाले तेव्हा मला आधी वाटलं, रुसले असतील. आई जाऊन वर्ष उलटलं होतं. ते वरकुट्याला एकटे, मी बारामतीत लोकांच्या ब्लाऊजच्या शिलाईत बुडालेली. दर रविवारी एसटीनं जायचे, भाकरी-कालवण करायचे, आणि हे आपले नुसती मान हलवणार. "आबा, मी काय घोडं मारलंय तुमचं?" असं एकदा विचारलं, तर ओठावर बोट ठेवून मलाच गप्प केलं. अस्सा राग आला मला!

शेवटी शेजारच्या काकूंनी सांगितलं, "तुझा बा डाळजच्या मंडळात जातोय गं. तितं मौन धरत्यात म्हणं."

दुसऱ्याच दिवशी दुकान बंद ठेवलं, आबांचा स्वेटर घेतला आणि निघाले. आमच्याकडं मंडळ म्हटलं की फ्लेक्स आला, डीजे आला. या मंडळाला साधी पाटी नव्हती. बंद पडलेल्या गुऱ्हाळाची शेड, पुढं धरणाचं पसरलेलं पाणी, आणि शेडमध्ये गूळ आटवायची भली मोठी लोखंडी काहील दगडांवर ठेवलेली. तिच्याभोवती पाच-सहा म्हातारी माणसं बसलेली, त्यात आबा. पौषातली संध्याकाळ, आणि एकाच्याही अंगात स्वेटर नाही.

मंडळाचे प्रमुख म्हणजे हायस्कूलमधनं रिटायर झालेले एक सर. त्यांच्या हाताशी इंदापुरात घड्याळं दुरुस्त करणारे चाचा. दोघं स्वतःला वेळेचे अभ्यासक म्हणवत. मी तोंड सोडायच्या आतच सर शांतपणे म्हणाले, "ताई, आपण किती वाजले असंच विचारतो ना? आपल्यात वेळ वाजते. आणि वाजलेलं काही मरत नाही. फिरून फिरून त्याच सुरात परत येतं. ज्याला कुणाचा आवाज परत हवा असेल त्यानं बोलून त्याची वाट अडवायची नाही."

"थंडीचं सांगा की त्यास्नी," चाचा म्हणाले.

"भूक लागते, ताप येतो. थंडी मात्र वाजते. का? गेलेली वेळ जवळून जायला लागली की अंगावर वाजते ती. म्हणून पांघरायचं नाही."

डोकंच फिरलं माझं. आबांना आईची हाक हवी होती, एकदाच. त्यासाठी त्यांनी जित्या लेकीला टाकलं होतं.

दिवस बुडाला. सरांनी मोबाईलवरचा तानपुरा लावला. चाचांनी लाकडी मोगरीनं काहिलीच्या काठावर एकच ठोका दिला. तो आवाज पाण्यावर गेला आणि संपेचना. छातीत, दाढांत, पायाखालच्या जमिनीत घुमत राहिला. पलीकडचे पक्षी गप्प झाले. माझ्या मनगटापासून वर थंडी चढायला लागली, आणि खरं सांगते, मी घाबरले. कारण आबांना न्यायला आलेली मीही आता कान देऊन बसले होते. मलाही आईची हाक हवीच होती की!

तेवढ्यात आबांचे दात वाजायला लागले. ओठ काळेनिळे पडले. मी उठायला गेले तर सरांनी हातानं 'थांबा' अशी खूण केली. मग मात्र माझा तोल सुटला. मी उभी राहिले. 'आबा' म्हणायला तोंड उघडलं, आणि बाहेर पडलं ते,

"अवो! उठा की आता! गारठून मरायचंय व्हय? चला घरी!"

गळा माझाच होता, नंतर दुखलाही माझाच. पण तो घोगरा सूर, शेवटाला चढणारी ती ओढ आईची होती. आयुष्यात मी आबांना नुसतं 'अवो' म्हटलेलं नाही. ते कुठनं आलं, देव जाणे.

सर ढसाढसा रडायला लागले. चाचांनी पुटपुटत दोन्ही हात तोंडावरून फिरवले. आणि आबा उठले.

"आलो, आलो गं," म्हणाले.

कित्येक महिन्यांनी त्यांचा आवाज ऐकला मी. स्वेटर घातला तर मुकाट्यानं घालून घेतला. वडापच्या जीपमधनं घरी येईपर्यंत त्यांचं तोंड बंद नव्हतं. ऊसतोडीला टोळी कधी येणार, विहिरीवरची मोटार कशी जळली, किती साठलं होतं बाई! मला एवढा आनंद झाला, की ते कुणाशी बोलताहेत इकडं लक्षच गेलं नाही.

घरी गरम भाकरी वाढली. आबांनी एक संपवली, दुसरी घेतली आणि आवाज बारीक करून म्हणाले, "पोरीला फोन लाव की गं. लई दिस झालं, बोलली न्हाय माज्यासंगं. माज्यावर रागावली का काय?"

'आबा, मीच हाय की ओ' हे ओठापर्यंत आलं होतं. पण ते म्हटलं आणि हे पुन्हा मुके झाले, पुन्हा त्या पाण्याकाठी उघडे जाऊन बसले तर?

"येईल ती," मी म्हटलं. "तुमी जेवा."

डॉक्टर म्हणतात, वयाचं आहे, बोलतायत ना, बोलू द्या. बोलतात, पोटभर बोलतात. दर रविवारी मी वरकुट्याला जाते, आणि आबा माझ्या शेजारी बसून माझी वाट बघतात.