आत्याबाई वर बघून हसल्या

"आभाळात नेमकं काय दाखवायचं?" मी शुभांगीला पुन्हा विचारलं.

"लई मोठं काहीतरी, भाऊ. बघणाऱ्याला कळलं पाहिजे की आपण कुणीच नाय."

मी लग्नाचा व्हिडिओवाला. औरंगपुऱ्यात स्टुडिओ, कॅसेटचा जमाना. माझ्याकडं मिक्सर होता, म्हणजे नवरा-नवरीला बदामात बसवायचं मशीन. त्यातून विश्वाची भीती कुठून काढू? पण पोरगी नाटक शिकत होती, एक छोटा भीतीचा सिनेमा काढत होती आणि तिच्या वडिलांनी, दादांनी, अट घातली होती. तो पटला तर पुण्याला पुढं शिकायला पाठवणार, नाय तर स्थळं बघणार.

पाण्यात शाई सोडली, शूट केली, मिक्सरवर आभाळात चढवली. शाई सांडल्यासारखंच दिसलं. शुभांगी रडकुंडीला आली. मलाही वाईट वाटलं.

"आधी आत्याचा शॉट तरी घेऊ," ती म्हणाली.

मुकुंदवाडीत शुभांगीच्या घरच्या गच्चीवर आत्याबाई कुरडया वाळत घालत होत्या. त्यांनी वर बघून घाबरायचं, एवढंच काम. मी फोकस जुळवला आणि लग्नातल्या सवयीनं तोंडातून निघून गेलं, "आत्याबाई, जरा हसा."

आत्याबाई वर बघत हसल्या. दारात पाहुणे आल्यावर हसतात तशा. नजर आभाळातच.

"सॉरी, परत घेऊ," मी म्हणालो.

"थांबा. रिवाइंड करा."

आम्ही दोघांनी बघितलं. भरदुपारी माझ्या अंगावर काटा आला.

"भाऊ, आता आभाळ दाखवायचंच नाय," शुभांगी म्हणाली.

एडिटिंगला शेवट त्या हसण्यावर केला. आवाज पूर्ण बंद. दादांनी स्टुडिओत येऊन शेवटपर्यंत बघितलं. मग शुभांगीकडं वळले.

"वर काय होतं गं?"

"मला तरी काय माहीत, दादा."

बाहेर स्कूटरला किक मारायच्या आधी त्यांनी हळूच आभाळाकडं बघितलं. घरी जाऊन बहिणीलाही विचारलं म्हणे, "अक्का, तुला काय दिसलं तिथं?"

"काय दिसणार? व्हिडिओवाला हसा म्हणला, हसले."

तरीही शुभांगी पुण्याला गेली.

मिक्सर भंगारात गेला, कॅसेटींना बुरशी लागली. त्या गच्चीची मात्र लई आठवण येते. आजही लग्नात मी लोकांना हसा म्हणतो. फक्त ते कुठं बघतायत, हे आधी बघून घेतो.