जुन्या धाग्यांचं टोक

परीक्षेसाठी मी इंग्रजांच्या व्यापाराचा धडा वाचत होते. त्यांचं गिरणीचं कापड बोटींतून इथे आलं, स्वस्तात विकलं गेलं आणि गावोगावचे हातमाग थांबले, असं त्यात लिहिलं आहे. समोर अप्पा आमच्या मागावरचं लुगडं उतरवत होते.

आमच्यात माग कधी रिकामा करत नाहीत. लुगडं कापताना उभ्या धाग्यांचं वीतभर टोक मागावर ठेवायचं आणि नवे धागे त्यालाच गाठी मारून जोडायचे. त्यामुळे आजचा धागा गाठीगाठीने मागे जात पणज्याच्या लुगड्यापर्यंत, कदाचित त्या बोटींच्या दिवसांपर्यंतही पोहोचत असेल, असं मला वाटायचं. धड्यात काहीही असो, आमचा माग थांबला नव्हता. हे कुणाला सांगायचं धाडस झालं नाही, पण मनातून बरं वाटायचं.

अप्पांनी कात्री टोकाच्याही पलीकडे धरली.

“अहो, टोक ठेवा की,” आई म्हणाली.

“कशाला? जोडायला सूत कुठंय? उद्या माग न्यायला माणसं येणार.” मग माझ्याकडे बघून ते हसले. “काय गं, तुझ्या पुस्तकातले साहेब आता आले, तर बंद काय करतील बिचारे?”

मला हसता आलं नाही. कात्री चालली. धागे सुटून लोंबायला लागले, आणि आई ते उगाचच हातात गोळा करत राहिली.

पुस्तक माझ्या मांडीवर उघडंच होतं. आता त्यातलं सगळं खरं झालं होतं.