हत्तींना पोहता येतं

ऐंशीच्या दशकाच्या शेवटी आम्ही बर्मिंगहॅमला राहत होतो. नवरा हॉस्पिटलात, मुलगी शाळेत, आणि पुण्याहून इतिहासात एम.ए. केलेली मी घरात. कंटाळून मी दर मंगळवारी अडल्ट एज्युकेशनच्या क्लासला जायला लागले. विषय होता प्राचीन सैन्यं.

एकदा सर मोठ्या नद्या ओलांडण्याबद्दल सांगत होते. सैनिक तंबूच्या कातड्यांत पेंढा भरून, ती घट्ट शिवून त्यांवर तरंगत जायचे. घोडे होडीमागून पोहवत न्यायचे. "हत्तींना मात्र पोहता येत नाही," ते म्हणाले, "म्हणून तराफ्यांवर माती पसरून त्यांना फसवून चढवायचे."

मी हात वर केला. "सर, हत्ती उत्तम पोहतात. माझे वडील आलापल्लीच्या जंगलात फॉरेस्ट ऑफिसर होते. लाकडं ओढणारे हत्ती भरलेली प्राणहिता पार करताना मी पाहिलेत. हत्ती अख्खा बुडतो, नुसती सोंड वर. माहूत पाठीवर उभा, तो लांबून पाण्यावर उभा असल्यासारखा दिसतो."

"हाऊ चार्मिंग," सर म्हणाले. "पण आठवण म्हणजे पुरावा नव्हे." वर्ग हसला.

मग मी तीन शनिवार लायब्ररीत बसले. सर ज्या जुन्या वृत्तांताचा आधार देत होते, त्यातच सापडलं: काही हत्ती बिथरून नदीत पडले आणि सोंडा वर धरून पलीकडे पोचले. तसा निबंध लिहून दिला. परत आला तेव्हा समासात शेरा होता, 'जरा पर्सनल.'

"अगं, हत्तींवरून कशाला डोकं तापवतेस?" नवरा म्हणाला.

"हत्तींवरून नाही हो तापलंय!" मी ओरडले. मुलीनं टीव्हीचा आवाज कमी केला. "आई, तू रागावला का?" एरवी मी तिचं मराठी सुधारलं असतं.

पुढच्या वर्षी मी पुन्हा तोच क्लास लावला. त्याच धड्याला सरांनी नवीन हँडआउट वाटलं. त्यात छापलं होतं, हत्ती उत्तम पोहतात, सोंडेनं श्वास घेतात. क्लास सुटल्यावर मी त्यांना गाठलं. "सर, हे मी गेल्या वर्षी सांगितलं होतं."

"असं? पण हे तर सगळ्यांनाच माहीत आहे," ते कोट चढवत म्हणाले.

"येस, ऑफ कोर्स," मी म्हणाले, आणि वर हसलेसुद्धा. बसमध्ये बसल्यावर एकेक उत्तर सुचत गेलं. त्या टर्मनंतर मी तिथं पुन्हा नाव घातलं नाही. सरांवरचा राग कधीच ओसरला. माझ्या त्या हसण्याचा मात्र अजून येतो.