रेषेत ओढा येतो

चपलेला काळ्या मातीचा ओला चिखल लागला, की त्याच्या वासानं मला मंठ्याजवळच्या एका वस्तीवरची सुनावणी आठवते. जवळच दुसरी शाळा आहे म्हणून तिथली शाळा बंद होणार होती, आणि असे नियम कोणत्या मोजमापावर ठरतात, यावर मी गणिताच्या प्रबंधासाठी संशोधन करत होते. सुनावणी घेणाऱ्या शिक्षण खात्याच्या साहेबांनी नकाशावर पट्टी ठेवून दोन्ही शाळांमध्ये सरळ रेषा ओढली. "अंतर नियमात बसतंय. मॅडम, तुम्ही गणिताच्या, कायद्यात कशाला पडता?" "कायद्यानं अंतर मोजलं, तिथंच गणित आलं," मी म्हणाले, "चला, तुमच्या रेषेवरून चालून बघू." वस्तीवरच्या बायाही पदर खोचून निघाल्या. तुरीच्या शेतापलीकडे ओढा लागला तसे साहेब काठावर थबकले. "वळसा घालून पुलावरून जाऊ." "पूल तुमच्या रेषेत नाही, सर," म्हणत मी चिखलात उतरले. मागून एक बाई शांतपणे म्हणाली, "उतरा की सायेब. लेकरांना याच रेघंनं धाडून राह्यले ना तुमी?" साहेब उतरले नाहीत, आणि शाळा बंद झालीच. पुढं माझे मार्गदर्शक म्हणाले, हा प्रसंग काढून टाका, गणिताच्या प्रबंधात चिखल शोभत नाही. मी तो पहिल्या पानावर घेतला. प्रबंध विद्यापीठातून परत आला. गेल्याच आठवड्यात मी तो पुन्हा पाठवलाय, पहिल्या पानासकट.