ओर्यांगचा बर्फ

शी! इतकी वर्षं झाली, तरी तो वास आठवला की मी अजून नाक दाबते.

माझी एपांगआत्या दर उन्हाळ्यात फिलिपिन्समधल्या अरायत गावी घराच्या दारापुढे टेबल मांडून हालो-हालो विकायची. हात असा की बघत राहावं! ग्लासात तळाला पाकातली केळी, वर फणस, साबुदाणा, नारळाची मलई, मग बर्फाचा कीस दाबून, दूध, आणि डोक्यावर कोनफळाचा जांभळा हलवा. तीस उन्हाळे त्यावरच घर चाललं. या सगळ्यात माती कालवली ती बर्फाने.

बर्फ यायचा समोरच्या ओर्यांगकडून. आत्याच्या लेकीची ती बाप्तिस्म्यातली धर्ममाता, म्हणून दोघी एकमेकींना 'कुमारे' म्हणायच्या. त्या वर्षी नवरा गेला आणि ओर्यांगचं पोट तिच्या फ्रीझरवर आलं. त्यात विकायच्या बर्फाच्या पिशव्या, आणि त्यांना खेटून विकायचेच बांगडे! बुळबुळीत, डोळे वटारलेले. बर्फ किसायला घेतला की अख्खा मासळीबाजार नाकात.

"आत्या, कारखान्यातून बर्फ आणूया," मी रोज कटकट करायची.

"आणि तिनं काय खायचं? बर्फ?"

"मग तिला सांग तरी!"

"नवरा गेलेल्या बाईला तोंडावर सांगू, तुझ्या घरातल्या वस्तूला घाण येते म्हणून? जीभ झडेल माझी."

गिऱ्हाईक पहिल्या चमच्याला नाक मुरडायचं आणि दुसऱ्या दिवशी पुढच्या गल्लीत जायचं. मे महिन्यापर्यंत टेबलापाशी उरलो आम्ही दोघी आणि माश्या.

वाडीच्या जत्रेला ओर्यांग स्वतःच येऊन बसली. ग्लास तळापासून ढवळला, चमचा तोंडात घातला आणि रस्त्यावर थुंकली.

"शी! कुमारे, काय घातलंस यात? बांगड्याचा वास मारतोय! लोक बोलतात ते खोटं नाही तर!"

माझं डोकं सणकलं. मी तोंड उघडणार, तेवढ्यात आत्याने टेबलाखाली माझा पाय चेचला.

"फणस उतरला असेल गं," ती म्हणाली.

"असल्या घाणीत माझा बर्फ? उद्यापासून एक पिशवी देणार नाही. नाव माझं खराब होतंय!"

सुटलो एकदाचे! देवच पावला म्हटलं.

संध्याकाळी आत्या घरात दिसेना. बघते तर ओर्यांगच्या फाटकाशी उभी, हातात कोनफळाच्या हलव्याची ताटली.

"चुकलं माझं, कुमारे," ती विनवत होती. "फणस ताजा घेईन. उद्या दहा पिशव्या दे."